ऑर्डर हातात, पैसा मालात: सीमाभागातल्या लहान फाउंड्र्यांचं न जुळणारं गणित

बेळगावच्या उद्योगांची चर्चा निघाली की ती ठरलेल्या वळणावर जाते. वीजदर कुठे कमी, जागा कुठे स्वस्त, सबसिडी कर्नाटक जास्त देतं की महाराष्ट्र, आणि उद्यमबागेतला कोण आता शिनोळीला शेड टाकतोय. या चर्चेला अर्थ नाही असं नाही. पण उद्यमबाग, मच्छे, होनगा किंवा तिकडे शिरोली, गोकुळ शिरगावमध्ये एखादी लहान फाउंड्री खरोखर बंद पडते तेव्हा कारण बहुतेक वेळा वेगळंच निघतं. ऑर्डर असते, कामगार असतात, भट्टीही चालू अवस्थेत असते. नसतो तो वेळेवर माल, आणि माल आणायला लागणारा पैसा. तो पैसा कुठे गेलेला नसतो. पिगच्या ढिगात, साच्यात, मशिन शॉपच्या दारात आणि मोठ्या पार्टीच्या बिलांच्या फायलीत तो अडकून पडलेला असतो.

कच्च्या मालाचं नियोजन हा विषय स्टोअर कीपरचा समजला जातो. लहान कारखान्यात तो मालकाचा विषय आहे, कारण तिथे माल आणि खेळतं भांडवल या दोन वेगळ्या गोष्टी नसतात. आज हा विषय मांडायचं कारण असं की गेल्या तीन-चार वर्षांत आयात, जीएसटी आणि आयकर या तिन्हीकडचे नियम बदलले. त्यांचा एकत्रित परिणाम नेमका या मालाच्या ढिगावर झाला आहे. सीमेच्या दोन्ही बाजूंना धंदा करणाऱ्यांवर तो जरा जास्तच झाला.

माल येतो कुठून

एका साध्या कास्टिंगमागे किती मुलुख लागतो ते आधी पाहू. पिग आयर्न येतं कोप्पळ-होस्पेट पट्ट्यातून, सोलापुरातून किंवा गोव्यातल्या आमोण्यातून. स्टीलचं भंगार, म्हणजे सीआरसी, पुणे-कोल्हापूरच्या प्रेस शॉपमधून. सिलिका वाळू कोकणातून, कासार्डे भागातून घाट चढून. बेंटोनाइट कच्छमधून. फेरोसिलिकॉनचा मोठा भाग ईशान्य भारत आणि भूतानकडून. रेझिन, हार्डनर, स्लीव्ह, फिल्टर, इनॉक्युलंट हे बहुधा पुणे, कोल्हापूर किंवा बेळगावच्या डीलरकडून. म्हणजे बेळगावच्या एका शेडमध्ये चार-पाच राज्यांचा माल एकत्र वितळतो आणि तयार कास्टिंग पुन्हा पुण्याला, चेन्नईला किंवा परदेशी जातं.

या साखळीतली कडी कुठे तुटेल हे लहान उद्योजकाच्या हातात नसतं. २०११ मध्ये बळ्ळारीच्या आणि २०१२ मध्ये गोव्याच्या खाणी सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने बंद झाल्या. २०१८ मध्ये गोव्यातलं खाणकाम पुन्हा थांबलं. खाण बंद झाल्याची बातमी पणजीत आणि बंगळुरूत छापून आली, पण त्याचे चटके पिगच्या भावातून शंभर-दीडशे किलोमीटरवरच्या भट्टीलाही बसले.

भाव चढतो तेव्हा आणि उतरतो तेव्हाही

२०२२ चं उदाहरण आजही अनेकांच्या लक्षात असेल. फेब्रुवारीत युक्रेनचं युद्ध सुरू झालं. रशिया आणि युक्रेन हे दोन्ही जगातले मोठे पिग आयर्न निर्यातदार. जागतिक बाजारात टंचाई झाली, आपल्याकडचा माल निर्यातीला वळला आणि इथले भाव उडाले. घाबरून अनेकांनी उधार-उसनवार करून साठा केला. २२ मे २०२२ ला केंद्राने पिग आयर्नवर १५ टक्के निर्यात शुल्क लावलं आणि भाव खाली आले. ज्यांनी चढ्या भावात ढीग लावला होता त्यांना तोच माल उतरत्या भावाच्या कास्टिंगमध्ये घालावा लागला. नोव्हेंबरमध्ये ते शुल्क काढूनही टाकलं. सहा महिन्यांत दोन उलट्या उड्या.

२०२५ मध्ये वेगळी गोष्ट घडली. १८ टक्क्यांपेक्षा कमी राख असलेल्या मेटलर्जिकल कोकच्या आयातीवर १ जानेवारीपासून परिमाणाची मर्यादा आली. आधी सहा महिन्यांसाठी, मग डिसेंबरअखेरपर्यंत. देशातल्या कोक उत्पादकांना संरक्षण मिळावं हा हेतू होता. पण पिग बनवणाऱ्या ब्लास्ट फर्नेसचा मुख्य खर्च कोक आहे. त्यामुळे आपल्याकडे इंडक्शन भट्टी असली आणि कोकचा तुकडाही लागत नसला, तरी कोकचा निर्णय पिगच्या बिलातून आपल्यापर्यंत येतोच. क्युपोलावाल्यांना तर तो थेटच लागतो.

यातून निघणारा धडा साधा आहे. भावाचा अंदाज बांधून साठा करणं हा लहान फाउंड्रीचा धंदा नव्हे. तो व्यापाऱ्याचा धंदा आहे, आणि व्यापाऱ्याकडे पडता भाव सोसायला भांडवल असतं. आपल्याला साठा करायचा तो भट्टी थांबू नये म्हणून. भाव वाढणार म्हणून नव्हे.

शंभर टनाचा हिशेब

आता मुख्य मुद्दा आकड्यांत मांडू. हे आकडे समजण्यासाठी धरलेले आहेत, प्रत्येकाने आपले घालून पाहावेत.

समजा एक फाउंड्री महिन्याला १०० टन चांगलं कास्टिंग देते. रनर-रायझर आणि रिजेक्शन पुन्हा भट्टीत जातं, ते धरायचं नाही. वितळताना होणारी घट धरून नवा धातू लागतो सुमारे १०५ टन. पिग, भंगार आणि मिश्रधातू मिळून सरासरी ४० रुपये किलो धरले तर महिन्याचा धातूचा खर्च ४२ लाख.

पिगवाला उधारी देत नाही. दिली तर आठवड्याची. माल यार्डात सरासरी १५ दिवस पडतो. साचा, ओतकाम, फेटलिंग, तपासणी, डिस्पॅच यात १० दिवस जातात. पार्टी बिल पोचल्यापासून ७५ दिवसांनी पैसे देते. एकूण १०० दिवस, त्यातून पिगवाल्याचे ७ वजा केले तर ९३ दिवस आपला पैसा बाहेर. म्हणजे नुसत्या धातूत १ कोटी ३० लाख रुपये कायमचे अडकलेले. ११ टक्के व्याजाने वर्षाला १४ लाखांहून अधिक व्याज. वीज, पगार, वाळू, रेझिन यांचं वेगळं.

आता दोन उपाय तुलनेला घ्या. पहिला, यार्डातला साठा १५ दिवसांवरून ८ दिवसांवर आणायचा. मोकळे होतात सुमारे १० लाख. दुसरा, पार्टीने ७५ ऐवजी ४५ दिवसांत पैसे द्यायचे. मोकळे होतात ४२ लाख. चौपट.

व्यवस्थापनाची पुस्तकं आणि सल्लागार बहुतेक वेळा पहिल्या उपायावर बोलतात, कारण तो मालकाच्या हातात आहे. साठा कमी करा, शिस्त लावा. शिस्त हवीच, पण नुसतं दात कोरून पोट भरत नाही. शिवाय साठा फार कमी केला आणि एक ट्रक दोन दिवस उशिरा आला, तर भट्टी थांबते, पार्टीची लाइन थांबते आणि दंडाचं डेबिट नोट येतं. मोठी कंपनी आपला साठा शून्यावर आणते तेव्हा तो नाहीसा होत नाही, तो लहान पुरवठादाराच्या शेडमध्ये येऊन बसतो. मोठ्याचं 'जस्ट इन टाइम' लहानाच्या ओव्हरड्राफ्टवर चालतं.

दुसरी गोष्ट दरफरकाची. बहुतेक मोठ्या पार्ट्या कच्च्या मालाच्या दरातला फरक तिमाही मागच्या सरासरीवर देतात. धातू किलोमागे ३ रुपयांनी वाढला तर १०५ टनावर महिन्याला ३ लाख १५ हजार. तीन महिने थांबायचं म्हणजे साडेनऊ लाखांच्या आसपास पदरमोड. दर उतरले की तोच उशीर आपल्या फायद्याचा व्हायला हवा, पण तेव्हा खरेदी विभागाचा मेल लगेच येतो, हा अनुभव अनेकांचा आहे.

पंचेचाळीस दिवसांचा कायदा आणि मार्च महिना

पार्टीने वेळेवर पैसे द्यावेत यासाठी कायदा नाही असं नाही. २००६ च्या एमएसएमई कायद्यानुसार सूक्ष्म आणि लघु उद्योगाला लेखी करार असेल तर जास्तीत जास्त ४५ दिवसांत, करार नसेल तर १५ दिवसांत पैसे द्यावे लागतात. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दराने, मासिक चक्रवाढ व्याज. २०२३ च्या अर्थसंकल्पाने याला आयकराची जोड दिली. कलम ४३-बी (एच) नुसार मुदतीत न दिलेली रक्कम प्रत्यक्ष देईपर्यंत खरेदीदाराला खर्च म्हणून दाखवता येत नाही. आकारणी वर्ष २०२४-२५ पासून हे लागू झालं, आणि १९६१ चा कायदा जाऊन २०२५ चा नवा आयकर कायदा आला तरी तत्त्व कायम आहे.

मग परिणाम का दिसत नाही? दिसतो, पण वर्षातून एकदा. मुदत टळली तरी त्याच आर्थिक वर्षात, म्हणजे ३१ मार्चपर्यंत पैसे दिले, तर खरेदीदाराला त्या वर्षीची वजावट मिळते. त्यामुळे एप्रिल ते डिसेंबर आयकराची ही भीती कुणाला नसते. फेब्रुवारी-मार्चमध्ये पार्ट्यांच्या अकाउंट्स विभागातून फोन येतात, उद्यम सर्टिफिकेट मागवलं जातं, जुनी बिलं साफ होतात. पावसाळ्याआधी साठा करायला मे महिन्यात पैसा लागतो तेव्हा मात्र पुन्हा ७५ दिवसच.

यात आणखी तीन बारकावे आहेत, ते माहीत नसल्याने अनेकजण फसतात. एक, हे संरक्षण सूक्ष्म आणि लघु उद्योगालाच आहे, मध्यमला नाही. १ एप्रिल २०२५ पासून लघु उद्योगाची मर्यादा यंत्रसामग्रीत २५ कोटी गुंतवणूक आणि १०० कोटी उलाढाल अशी वाढली. आधी मध्यम गणले गेलेले काही उद्योग त्यामुळे पुन्हा लघुमध्ये आले आहेत. आपलं उद्यम वर्गीकरण तपासून पार्टीला कळवलं पाहिजे. दोन, उद्यम नोंदणी असली तरी नुसत्या व्यापाऱ्याला या तरतुदीचा लाभ नाही. भंगार डीलरला नाही, फाउंड्रीला आहे. तीन, ही तरतूद आपल्यालाही लागू आहे. आपण पॅटर्नवाल्याचे, फेटलिंगवाल्याचे, लहान मशिन शॉपचे पैसे नव्वद दिवस ठेवतो, तेव्हा आपलाही खर्च अमान्य होऊ शकतो. उशिराची साखळी वरून सुरू होते हे खरं, पण ती आपल्या दारात संपत नाही, पुढेही जाते.

तक्रारीचा मार्गही आहे. सीमाभागाच्या दृष्टीने त्यातली एक गोष्ट महत्त्वाची. फॅसिलिटेशन कौन्सिलकडे दाद मागताना पुरवठादार जिथे आहे तिथली कौन्सिल चालते, खरेदीदार भारतात कुठेही असो. म्हणजे बेळगावच्या माणसाने पुण्याच्या पार्टीविरुद्ध महाराष्ट्रात हेलपाटे घालायची गरज नाही. कौन्सिलच्या निवाड्याला आव्हान द्यायचं तर खरेदीदाराला ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागते. कायदा भक्कम आहे. पण साठ टक्के माल ज्या एका पार्टीला जातो तिच्याविरुद्ध अर्ज कोण करणार? पाण्यात राहून माशाशी वैर कुणाला परवडतं? हा प्रश्न कायद्याने सुटलेला नाही.

यावर ट्रेड्स हा उपाय सांगितला जातो. बिल पार्टीने मान्य केलं की बँका त्यावर बोली लावतात, आपल्याला पैसे लवकर मिळतात आणि पार्टीने पुढे बुडवलं तर वसुली आपल्यावर येत नाही. २५० कोटींहून अधिक उलाढालीच्या कंपन्यांना ३१ मार्च २०२५ पर्यंत तिथे नोंदणी सक्तीची केली. मात्र नोंदणी करणं वेगळं आणि तुमचं बिल तिथे चढवणं वेगळं. नोंदणी झालेल्या पार्टीला नव्या ऑर्डरच्या वेळी हा प्रश्न विचारायला हरकत नाही. तो मागणं हे वैर नव्हे.

सीमा मालाला दिसत नाही, जीएसटीला दिसते

बेळगावहून शिनोळी अर्ध्या तासाच्या अंतरावर. इकडे फाउंड्री, तिकडे मशिन शॉप, मालक एकच, अशी रचना सीमाभागात नवलाची नाही. मालकाच्या दृष्टीने हा एकच कारखाना असतो. जीएसटीच्या दृष्टीने ते दोन वेगळे माणूस आहेत. एकाच पॅनवर दोन राज्यांत नोंदणी असली की बेळगावच्या शेडमधून शिनोळीच्या शेडमध्ये गेलेलं पिग किंवा कास्टिंग हा 'पुरवठा' ठरतो. विक्री झाली नसली, पैसा हलला नसला तरी टॅक्स इन्व्हॉइस आणि आयजीएसटी लागतो. बेळगावच्या खात्यात जमा असलेलं क्रेडिट शिनोळीच्या कराला वापरता येत नाही. ज्या बाजूला खरेदी जास्त तिथे क्रेडिट साचतं, ज्या बाजूला विक्री जास्त तिथे रोख कर भरावा लागतो. त्यामुळे दोन्ही राज्यांत शेड असणाऱ्याने पिगची खरेदी कोणत्या नोंदणीवर करायची हे वर्षाच्या सुरुवातीलाच ठरवलं पाहिजे. ट्रक आला की बघू म्हणणारा नंतर सीएकडे बसून राहतो.

दुसऱ्याच्या मशिन शॉपला जॉबवर्कला माल पाठवायचा तर डिलिव्हरी चलन चालतं आणि कर लागत नाही, पण माल वर्षाच्या आत परत यायला हवा. ई-वे बिलात इथे एक जाळं आहे. एरवी पन्नास हजारांची मर्यादा असते. एका राज्यातून दुसऱ्या राज्यात जॉबवर्कला जाणाऱ्या मालाला ती मर्यादाच नाही. दहा हजारांची चार कास्टिंग टेम्पोत टाकून चंदगड तालुक्यात नेली तरी ई-वे बिल हवं. "जवळच तर जायचंय" हे रस्त्यावरच्या तपासणी अधिकाऱ्याला सांगून उपयोग नसतो.

भंगाराचे नियम १० ऑक्टोबर २०२४ पासून बदलले. नोंदणी नसलेल्याकडून धातूचं भंगार घेतलं तर कर आपण भरायचा. नोंदणीकृत डीलरकडून अडीच लाखांवरच्या व्यवहारात घेतलं तर २ टक्के टीडीएस कापून भरायचा, त्यासाठी वेगळी नोंदणी आणि दरमहा विवरण. हेतू बोगस बिलांना आळा घालण्याचा आहे आणि तो चुकीचा नाही. कारण भंगारवाल्याने आपलं बिल पोर्टलवर चढवलं नाही, तर आपलं १८ टक्के क्रेडिट जातं. आपल्या हिशेबातल्या ४२ लाखांवर ते महिन्याला साडेसात लाखांहून जास्त होतं. किलोमागे एक रुपया स्वस्त मिळालेलं भंगार असं महागात पडतं. म्हणून डीलर निवडताना दराबरोबर त्याचं मागच्या सहा महिन्यांचं रिटर्न भरण्याचं रेकॉर्ड बघणं हा आता खरेदीचाच भाग झाला आहे.

२२ सप्टेंबर २०२५ च्या जीएसटी बदलाने ट्रॅक्टर आणि त्याच्या ठराविक सुट्या भागांवरचा कर ५ टक्क्यांवर आला. शेतकऱ्याला ट्रॅक्टर स्वस्त झाला, मागणी वाढली, हे चांगलंच. पण त्या यादीतला भाग बनवणाऱ्याची बाजू बघा. पिग, भंगार, रेझिन यांवर १८ टक्के देऊन तो ५ टक्क्यांनी विकतो. महिन्याला ९० लाखांची विक्री धरली तर विक्रीवरचा कर साडेचार लाख, आणि नुसत्या धातूवर भरलेला साडेसात लाख. तीन लाख दर महिन्याला सरकारकडे साचतात. परताव्याची सोय आहे, ऑक्टोबर २०२५ पासून कमी जोखमीच्या अर्जांना ९० टक्के रक्कम तात्पुरती लगेच देण्याचीही व्यवस्था झाली. पण परतावा कच्च्या मालावरच्या कराचा मिळतो, यंत्रांवरच्या आणि सेवांवरच्या नाही. शिवाय अर्ज, त्रुटी, उत्तर या फेऱ्यांत गेलेले दिवस पुन्हा आपल्याच खेळत्या भांडवलातून जातात. ट्रॅक्टरची ऑर्डर घेताना हा खर्च दरात धरला आहे का, हे तपासायची वेळ आली आहे.

जून ते सप्टेंबर

आपल्या भागात मालाच्या नियोजनाचं वर्ष एप्रिलमध्ये सुरू होत नाही, मे महिन्यात होतं. ऑगस्ट २०१९ आणि जुलै २०२१ मध्ये पुणे-बंगळूर महामार्ग शिरोलीजवळ पंचगंगेच्या आणि निपाणीजवळ यमगर्णीत वेदगंगेच्या पाण्याने बंद झाला. चोर्ला, आंबोली, फोंडा हे घाट दरडींच्या भरवशावर. करूळ घाट तर २०२४ मध्ये रस्त्याच्या कामासाठी बराच काळ बंद होता. वाळू त्याच घाटांनी येते.

पावसाळ्यात माल नुसता उशिरा येत नाही, खराबही होतो. ओली वाळू सुकवायला इंधन लागतं. मॅग्नेशियमचा मिश्रधातू दमट हवेत खराब होतो, मग एसजी आयर्नमध्ये ग्राफाइटचा गोळा नीट बनत नाही. ओलं किंवा आत पाणी साचलेलं भंगार इंडक्शन भट्टीत टाकणं म्हणजे स्फोटाला आमंत्रण. यात कामगाराचा जीव जाऊ शकतो. यार्डात भंगारावर पत्रा घालायचा खर्च हा नियोजनाचा आणि सुरक्षेचा एकाच वेळी आहे. म्हणून कोरडी वाळू, बेंटोनाइट आणि झाकलेलं भंगार यांचा जूनआधीचा जादा साठा समर्थनीय आहे. तोच साठा जानेवारीत ठेवणं नाही.

मालकाच्या हातातलं

मोठ्या प्रश्नांची उत्तरं येईपर्यंत शेडमध्ये काय करता येतं, तेही पाहू.

मालाच्या दोन याद्या करा. पहिली महाग मालाची: पिग, भंगार, फेरोअलॉय, रेझिन. यांचा साठा दिवसांत मोजायचा आणि कमी ठेवायचा. दुसरी अडवणाऱ्या मालाची: फिल्टर, स्लीव्ह, इनॉक्युलंट, तापमान मोजायची टिप, रॅमिंग मास. यांची किंमत किरकोळ, पण एक संपलं तर पूर्ण हीट थांबते. यांचा साठा महिनाभराचा असला तरी बिघडत नाही. प्रत्यक्षात अनेक शेडमध्ये नेमकं उलटं दिसतं. पिगचा डोंगर आणि फिल्टरसाठी कोल्हापूरला धावणारी मोटरसायकल.

प्रत्येक वस्तूची ऑर्डर कधी द्यायची याचा आकडा भिंतीवर लिहा. रेझिन दिवसाला ४० किलो लागतं, यायला ६ दिवस लागतात, ४ दिवसांचा जादा धीर. म्हणजे ४०० किलो उरलं की फोन करायचा. कॉम्प्युटर नसला तरी चालतं. रेझिनला मुदत असते, म्हणून आधी आलेला ड्रम आधी उघडायचा.

वजन करा. आलेला ट्रक आपल्या किंवा तिसऱ्याच्या काट्यावर, आणि भट्टीत जाणारा प्रत्येक चार्ज. बहुतेक लहान फाउंड्रीत खरेदीचं बिल असतं, डिस्पॅचचं वजन असतं, मधलं काहीच नसतं. मग महिन्याअखेर तीन टन कुठे गेले याचं उत्तर 'बर्निंग लॉस' हेच असतं.

चार्जची दुसरी कृती तयार ठेवा. पिग महागलं की इंडक्शन भट्टीत पिग कमी करून स्टील भंगार आणि कार्बन वाढवायला सीपीसी वापरता येतं. पण सल्फर, नायट्रोजन आणि मँगनीजवर लक्ष हवं, त्यासाठी तपासणीची सोय हवी आणि पार्टीची मान्यता आधी घेतलेली हवी. भाव चढल्यावर प्रयोग सुरू केला तर बचतीपेक्षा रिजेक्शन जास्त निघतं. रिजेक्ट कास्टिंगचा धातू परत मिळतो, पण टनामागे जळलेली पाच-सहाशे युनिट वीज, वाळू आणि मजुरी परत मिळत नाही.

आणि पीओ वाचा. दरफरक किती महिन्यांनी, कोणत्या दराच्या आधारावर, पैसे किती दिवसांत, डेबिट नोट कुणाच्या सहीने. करारावर सही करताना हे मागता येतं. माल दिल्यावर नाही.

एकट्याने न होणारं

यापुढचं काम संघटनांचं आहे. बेळगाव आणि कोल्हापूर या दोन्ही ठिकाणी फाउंड्री क्लस्टर उभे राहिले, त्यातून वाळूचा पुनर्वापर आणि तपासणीसारख्या सामायिक सोयी आल्या. म्हणजे एकत्र येता येतं हे सिद्ध झालेलं आहे. पिग आणि फेरोअलॉयच्या एकत्रित खरेदीची वेळ आली आहे. महिन्याला १०० टन घेणाऱ्या दहा फाउंड्र्या एकत्र आल्या तर पिगवाल्याशी बोलायची पत येते, आठवड्याची उधारी तीन आठवड्यांची होऊ शकते. वरच्या हिशेबात तेवढ्याने दर फाउंड्रीचे सुमारे वीस लाख मोकळे होतात. अडचण आहे ती विश्वासाची. शेजाऱ्याला आपला दर कळू नये ही भीती, आणि एकाने पैसे थकवले तर बाकीच्यांनी का भरायचे हा रास्त प्रश्न. त्यासाठी प्रत्येकाची आगाऊ ठेव किंवा बँक हमी ठेवून सुरुवात करता येईल. सगळ्या मालाची नको, एकाच ग्रेडच्या पिगपासून करावी.

आयकराच्या तरतुदीतही एक बदल मागण्यासारखा आहे. वजावटीची तपासणी वर्षाअखेर न होता तिमाही व्हावी. तसं झालं तर मार्चचा पैसा जूनमध्येही दिसेल. ही मागणी बेळगावची एकट्याची नाही. पीथमपूर, मकरपुरा, शिरोली सगळीकडे हेच दुखणं आहे, आणि कायदा केंद्राचा असल्याने राज्याची सीमा इथे आड येत नाही.

शिनोळीला जायचं की उद्यमबागेत राहायचं, हा निर्णय ज्याने त्याने आपल्या हिशेबाने घ्यावा. वीज युनिटमागे रुपया-दोन रुपयांनी स्वस्त मिळाली तर फरक पडतोच. पण शेड हलवली तरी ते ९३ दिवस बरोबर येतात. नवीन शेडचं कर्ज डोक्यावर घेण्याआधी त्या ९३ दिवसांतले किती दिवस आपल्या यार्डात आहेत, किती पार्टीच्या टेबलावर आहेत आणि किती जीएसटी पोर्टलवर आहेत, एवढं तरी एका कागदावर मांडून पाहावं. अनेकांना सबसिडीपेक्षा मोठी रक्कम त्या कागदावरच सापडेल.